मदरबोर्ड समायोजनाची जुनी सॉफ्टवेअर आणि नव्या ऑपरेटिंग सिस्टिम यांतील सुसंगतता : एक ऐतिहासिक अभ्यास

प्रस्तावना

संगणकाच्या इतिहासलेखनात यंत्रांचा वाढता वेग, कंपन्यांचा उदयास्त आणि इंटरनेटचा प्रसार यांची चर्चा पुष्कळ झालेली आहे. एखादे चालते सॉफ्टवेअर एके दिवशी चालेनासे का झाले, हा प्रश्न मात्र इतिहासाचा मानला जात नाही. तो दुरुस्ती करणाऱ्या कारागिराचा मानला जातो. ज्या संस्था दर तीन वर्षांनी यंत्रे बदलू शकतात त्यांना ही विभागणी परवडते. ग्रामीण महाविद्यालयांना ती परवडत नाही, कारण तेथे यंत्राचे आयुष्य ऑपरेटिंग सिस्टिमच्या आयुष्यापेक्षा नेहमीच मोठे असते.

शहादा तालुक्यातील पुरुषोत्तमनगर ही सातपुडा तापी परिसर सहकारी साखर कारखान्याच्या आधाराने वाढलेली वसाहत होय. गळीत हंगामात हवेत तरंगणारे बगॅसचे कण व काजळी, एप्रिल-मे महिन्यांत तापी खोऱ्यातील कडक उन्हाळा आणि विजेचा कमीजास्त होणारा दाब, या तीन गोष्टी येथील संगणकाच्या वाट्याला येतात. या परिसरातील एका महाविद्यालयाच्या प्रयोगशाळेत २०१६ च्या उन्हाळ्यात काही संगणक भर दुपारी आपोआप बंद पडू लागले. त्या मदरबोर्डांसोबत आलेल्या सीडीमध्ये तापमान, पंख्याचे फेरे, विद्युतदाब व प्रोसेसरचा वेग दाखवणारे आणि हवा तसा बदलू देणारे एक सॉफ्टवेअर होते. विंडोज एक्सपीवर ते वर्षानुवर्षे चालले होते. एक्सपीचा आधार ८ एप्रिल २०१४ रोजी संपल्यावर या यंत्रांवर विंडोज ७ घातलेली होती, आणि तेथे ते सॉफ्टवेअर ड्रायव्हर सापडत नाही असे सांगून थांबत असे. एका यंत्रावर तर ते सुरू करताच निळा पडदा आला. बायॉसमध्ये तापमान दिसते, परंतु तेथे पोहोचण्यासाठी यंत्र पुन्हा सुरू करावे लागते व तोवर ते निवलेले असते. शेवटी कॅबिनेट उघडले तेव्हा प्रोसेसरवरील उष्णता बाहेर टाकणाऱ्या पत्र्यांमध्ये घोंगडीसारखा थर साचलेला आढळला. प्रश्न ब्रशने सुटला.

परंतु दुसरा प्रश्न शिल्लक राहिला. तापमान मोजणारी चिप मदरबोर्डवर जागेवरच होती, ती आपले काम करीत होती, आणि तिचे मोजमाप वाचणारे सॉफ्टवेअरही हातात होते. मग या दोहोंच्या मध्ये नेमके काय आले ? प्रस्तुत शोधनिबंधात या प्रश्नाचा मागोवा ऐतिहासिक क्रमाने घेतला असून, मदरबोर्डला थेट स्पर्श करण्याचा अधिकार कोणाकडे असावा, या वादाचे उत्तर वेळोवेळी बदलत गेले व त्या बदलात जुनी सॉफ्टवेअर बळी पडत गेली, असे प्रतिपादन केले आहे.

थेट संपर्काचा काळ

आयबीएम कंपनीचा वैयक्तिक संगणक १२ ऑगस्ट १९८१ रोजी बाजारात आला. त्यातील इंटेल ८०८८ प्रोसेसर ४.७७ मेगाहर्ट्झ वेगाने चालत असे. मदरबोर्डची मांडणी बदलायची झाल्यास झाकण उघडून बारीक खटके वर-खाली करावे लागत. १९८४ मध्ये आलेल्या आयबीएम पीसी-एटी या यंत्रात ही माहिती बॅटरीवर चालणाऱ्या सीमॉस स्मृतीत साठवली जाऊ लागली आणि ती बदलण्यासाठी फ्लॉपीवरील एक स्वतंत्र प्रोग्राम दिला गेला. मदरबोर्डच्या समायोजनाचे काम हाताच्या बोटांकडून सॉफ्टवेअरकडे आले, त्याची सुरुवात येथे मानता येईल.

एमएस-डॉस ही त्या काळची ऑपरेटिंग सिस्टिम स्वतः फारशी राखण करीत नसे. फाइल उघडणे, प्रोग्राम स्मृतीत आणणे एवढे झाले की यंत्र पूर्णपणे त्या प्रोग्रामच्या ताब्यात जाई. कोणत्याही पोर्टवर कोणतीही संख्या लिहावी, त्यास अटकाव नव्हता. यामुळे प्रोग्रामरांनी पुष्कळ खटपटी केल्या, आणि त्यांचे दुष्परिणामही लवकरच दिसले. काही खेळ व प्रोग्राम ४.७७ मेगाहर्ट्झ हा वेग गृहीत धरूनच लिहिलेले होते. वेगवान यंत्रावर ते इतके भरधाव पळत की वापरणे अशक्य होई. यावर उपाय म्हणून नकलाकार कंपन्यांनी कॅबिनेटवर टर्बो नावाचे बटण दिले. नाव वेगाचे असले तरी त्याचा खरा उपयोग यंत्र मंद करण्यासाठी होता. जुन्या सॉफ्टवेअरशी जुळवून घेण्यासाठी नव्या यंत्राने आपला वेग कमी करावा, इतका मान जुन्या सॉफ्टवेअरला नंतर क्वचितच मिळाला.

जिस्ट कार्ड : मराठीचा अनुभव

यंत्राशी थेट संपर्क साधणाऱ्या तंत्रज्ञानाचा उदय व अस्त मराठी भाषेने फार जवळून अनुभवला आहे. आयआयटी कानपूर येथे १९८० च्या दशकात विकसित झालेले जिस्ट तंत्रज्ञान १९८८ मध्ये स्थापन झालेल्या पुण्याच्या सी-डॅक संस्थेकडे आले आणि तेथून जिस्ट कार्ड प्रसारात आले. हे कार्ड मदरबोर्डवरील इसा जातीच्या स्लॉटमध्ये बसवले जाई. डॉसवर चालणारे डीबेस किंवा वर्डस्टारसारखे प्रोग्राम रोमन लिपीखेरीज काही जाणत नसत. कार्ड मात्र कळफलक व पडदा यांच्या मधोमध बसून त्याच प्रोग्रामांतून देवनागरी उमटवून दाखवी. प्रोग्राममध्ये एका अक्षराचाही बदल करावा लागत नसे. ज्यांनी त्या काळात हिरव्या किंवा पांढऱ्या अक्षरांच्या पडद्यावर मराठी नावांची यादी प्रथम पाहिली, त्यांना त्याचे किती अप्रूप वाटले असेल याची कल्पना आज करणे कठीण आहे.

ही किमया ज्या पायावर उभी होती तो पाय दोन बाजूंनी खचला. विंडोज ९५ ही ऑपरेटिंग सिस्टिम ऑगस्ट १९९५ मध्ये आली व अक्षरांचा पडदा जाऊन चित्रांचा पडदा रूढ झाला; कार्डाने मध्ये बसावे अशी जागाच उरली नाही. दुसरीकडे इंटेल व मायक्रोसॉफ्ट यांनी १९९९ सालच्या संगणकांसाठी केलेल्या रचना-मार्गदर्शिकेत इसा स्लॉट वगळण्याचे धोरण स्वीकारले आणि पुढील काही वर्षांत नव्या मदरबोर्डांवरून तो दिसेनासा झाला. कार्ड ठणठणीत असले तरी ते बसवायचे कोठे, असा प्रसंग आला. पुढे मराठी अक्षरजुळणीच्या अनेक सॉफ्टवेअरनी प्रिंटरच्या पोर्टला लावायचे कुलूप, म्हणजे डोंगल, वापरले. नव्या यंत्रांवरून ते पोर्टही गेले. छापखान्याच्या कोपऱ्यात एक जुना संगणक केवळ त्या कुलपासाठी जपून ठेवलेला असतो, हे दृश्य आपल्या जिल्ह्यात अपरिचित नाही.

जिस्ट कार्ड गेले. परंतु त्यामागची अक्षरसंकेतावली टिकली. तिचा विचार पुढे ओघाने येईलच.

समायोजनाचा बहर

१९९० च्या दशकाच्या मध्यापर्यंत प्रोसेसरचा वेग मदरबोर्डवरील जंपर नावाच्या चिमुकल्या टोप्या हलवून ठरवला जाई. तैवानच्या एबिट कंपनीने सॉफ्टमेन्यू या नावाने हे काम बायॉसच्या पडद्यावर आणले. ऑगस्ट १९९८ मध्ये इंटेलचा सेलेरॉन ३००ए हा स्वस्त प्रोसेसर आला. बसचा वेग ६६ वरून १०० मेगाहर्ट्झ केला की तोच प्रोसेसर ३०० ऐवजी ४५० मेगाहर्ट्झ वेगाने चाले, व पुष्कळदा विनातक्रार चाले. स्वस्तातील वस्तूने महागड्या वस्तूची बरोबरी करावी, ही गोष्ट जगभरच्या विद्यार्थ्यांना व हौशी तंत्रज्ञांना भुरळ घालणारी ठरली.

याच सुमारास बायॉसमध्येही न जाता, विंडोज चालू असतानाच वेग बदलणारे सॉफ्टएफएसबी हे जपानी सॉफ्टवेअर प्रसिद्धीस आले. त्याची कार्यपद्धती समजून घेणे आवश्यक आहे, कारण पुढील सर्व अडचणींचे मूळ तेथे आहे. मदरबोर्डवर स्पंद निर्माण करणारी एक चिप असते. तिच्याशी व तापमान मोजणाऱ्या चिपशी बोलण्यासाठी एसएमबस नावाची दोन तारांची मंद वाट असते. सॉफ्टवेअर या वाटेने स्पंदचिपला नवी संख्या पाठवते व यंत्राचा वेग बदलतो. कोणत्या मदरबोर्डवर कोणती चिप आहे हे वापरणाऱ्याने स्वतः शोधून यादीतून निवडायचे असे. निवड चुकली की यंत्र जागच्या जागी गोठे. पुढे सेटएफएसबीसारखी सॉफ्टवेअर त्याच पठडीत तयार झाली. तापमान पाहण्यासाठी मदरबोर्ड मॉनिटर हे एकट्या प्रोग्रामरने चालवलेले सॉफ्टवेअर अतिशय लोकप्रिय होते. कंपन्यांनीही गिगाबाईटचे इझीट्यून, असूसचे एआय बूस्टर व नंतरचे एआय सूट, एमएसआयचे कोअर सेंटर अशी आपापली साधने सीडीवर देण्यास प्रारंभ केला. शहाद्या-नंदुरबारच्या बाजारात असेंबल करून मिळणाऱ्या संगणकासोबत ही सीडी येत असे आणि बहुधा पहिल्याच वर्षी हरवत असे.

भिंत आणि तिला पडलेली भोके

मायक्रोसॉफ्टने जुलै १९९३ मध्ये विंडोज एनटी ही वेगळ्या घडणीची ऑपरेटिंग सिस्टिम आणली. तिच्यात सामान्य प्रोग्राम आणि यंत्र यांच्यामध्ये भिंत होती. पोर्टवर लिहिण्याचा अधिकार केवळ गाभ्यात राहणाऱ्या ड्रायव्हरला होता. घरगुती वापरासाठी डॉसच्या परंपरेतील विंडोज ९५, ९८ व एमई चालू राहिल्याने ही भिंत बहुसंख्य लोकांना आढळली नाही. २५ ऑक्टोबर २००१ रोजी आलेल्या विंडोज एक्सपीने मात्र घर व कार्यालय या दोहोंना एनटीच्या गाभ्यावर आणले, आणि थेट पोर्टवर लिहिणारी सॉफ्टवेअर एका फटक्यात अडली.

यातून निघालेली पळवाट मोठी उद्बोधक आहे. मे १९९६ मध्ये डॉ. डॉब्ज जर्नल या नियतकालिकात एनटीवर थेट पोर्ट वापरण्याची युक्ती सांगणारा लेख प्रसिद्ध झाला व त्यासोबत गिव्हआयओ नावाचा छोटासा ड्रायव्हर दिला गेला. त्याचे काम एवढेच, की जो प्रोग्राम मागेल त्याला सर्व पोर्ट मोकळे करून द्यावेत. म्हणजे भिंतीला दार करण्याऐवजी भोक पाडले गेले. अनेक समायोजन सॉफ्टवेअरनी ही युक्ती किंवा तिच्यासारखीच दुसरी वापरली. एक्सपीवर ती सॉफ्टवेअर चालली ती या भोकांतून, हे लक्षात घेतले पाहिजे. ऑपरेटिंग सिस्टिमने त्यांना मान्यता दिली होती असे म्हणता येत नाही.

एप्रिल २००५ मध्ये एक्सपीची ६४ बिटांची आवृत्ती आली आणि जानेवारी २००७ मध्ये विंडोज व्हिस्टा सर्वसामान्यांसाठी उपलब्ध झाली. येथे तीन गोष्टी एकदम घडल्या. ६४ बिटांच्या विंडोजमध्ये १६ बिटांचे प्रोग्राम मुळीच चालत नाहीत, त्यामुळे ज्या सॉफ्टवेअरचा केवळ सेटअप १६ बिटांचा होता तेही बाद झाले. ३२ बिटांचा ड्रायव्हर ६४ बिटांच्या गाभ्यात चढू शकत नाही. आणि ६४ बिटांच्या व्हिस्टाने गाभ्यातील प्रत्येक ड्रायव्हरवर डिजिटल स्वाक्षरी सक्तीची केली. हौशी प्रोग्रामरला स्वाक्षरीच्या प्रमाणपत्रासाठी दरवर्षी पैसे मोजणे शक्य नव्हते. मदरबोर्ड मॉनिटरचा विकास तर २००४ मध्येच थांबलेला होता. एबिट कंपनीने २००८ च्या अखेरीस व्यवसाय बंद केला; तिच्या साधनांसाठी नवा ड्रायव्हर देणारे कोणी उरले नाही. इंटेलनेही जानेवारी २०१३ मध्ये आपला डेस्कटॉप मदरबोर्डांचा व्यवसाय आटोपता घेण्याचे जाहीर केले.

येथे एका सार्वत्रिक गैरसमजाचा उल्लेख करणे भाग आहे. जुने सॉफ्टवेअर चालत नसल्यास त्याच्या गुणधर्मांत जाऊन ‘कम्पॅटिबिलिटी मोड’ निवडावा, असा सल्ला आपल्याकडे सर्रास दिला जातो. प्रस्तुत लेखकानेही तो अनेकदा दिलेला आहे. ही सोय प्रोग्रामला ऑपरेटिंग सिस्टिमचा जुना क्रमांक सांगते व काही जुन्या सवयी सांभाळून घेते. लेखाजोख्याचे किंवा शब्दकोशाचे सॉफ्टवेअर तिने सुरू होऊ शकते. परंतु ही सोय भिंतीच्या अलीकडची आहे. गाभ्यात शिरणाऱ्या ड्रायव्हरला तिचा काडीमात्र उपयोग नाही. आमच्या प्रयोगशाळेतील सॉफ्टवेअरची खिडकी उघडत होती आणि सर्व आकडे शून्य दाखवीत होती, त्याचे कारण हेच. निळा पडदा आला तो अधिक वाईट प्रकार : त्या यंत्रावर जुना ड्रायव्हर गाभ्यात शिरण्यात यशस्वी झाला होता.

यंत्रही बदलले

दोष सर्वस्वी ऑपरेटिंग सिस्टिमच्या माथी मारणे इतिहासाला धरून होणार नाही. डिसेंबर १९९६ मध्ये इंटेल, मायक्रोसॉफ्ट व तोशिबा यांनी एसीपीआय ही वीज व उष्णता व्यवस्थापनाची प्रमाणपद्धती जाहीर केली. तिच्यामुळे पंखे व तापमान यांच्यावर ऑपरेटिंग सिस्टिम आणि बायॉस मिळून देखरेख करू लागले. अशा वेळी तिसऱ्या सॉफ्टवेअरने त्याच चिपशी त्याच क्षणी बोलायला सुरुवात केली तर दोघांचेही आकडे बिघडतात. एकाच विहिरीवर दोन मोटा एकाच थारोळ्यात ओतू लागल्या तर व्हावे तसे होते. लिनक्सवरील एलएम-सेन्सर्स प्रकल्पाला याहून कटू अनुभव आला. २००० च्या दशकाच्या आरंभी चिपांचा शोध घेणाऱ्या त्याच्या प्रोग्राममुळे आयबीएमच्या काही थिंकपॅड लॅपटॉपमधील स्मृतिचिपेतला मजकूर बिघडला व ते लॅपटॉप सुरूच होईनात. प्रकल्पाने थिंकपॅडसाठी स्वतंत्र इशारा लिहून ठेवला. मुक्त सॉफ्टवेअर आहे म्हणून ते निरुपद्रवी असते, असे म्हणण्याची सोय यामुळे राहत नाही.

जानेवारी २०११ मध्ये इंटेलच्या सँडी ब्रिज पिढीने स्पंदनिर्मितीच चिपसेटमध्ये सामावून घेतली आणि इतर अनेक वाटांचे वेग त्या एकाच स्पंदाला बांधले. तो थोडा जरी वाढवला तरी हार्डडिस्कपासून सर्वत्र गडबड होऊ लागली. सेटएफएसबीच्या पठडीतील सॉफ्टवेअरचे प्रयोजनच संपले. येथे सुसंगततेचा प्रश्न उरत नाही. ज्याच्याशी सुसंगत व्हायचे ती चिपच राहिली नाही.

विश्वासाचा प्रश्न

यानंतरचा टप्पा सर्वांत अलीकडचा असून तो भिंतीची बाजू भक्कम करणारा आहे. गिगाबाईटच्या समायोजन साधनांसोबत येणाऱ्या जीडीआरव्ही या ड्रायव्हरमधील उणीव डिसेंबर २०१८ मध्ये जाहीर झाली. ड्रायव्हरवर रीतसर स्वाक्षरी होती. पण जो कोणी मागेल त्याला तो गाभ्यातील स्मृती वाचू-लिहू देत असे. फेब्रुवारी २०२० मध्ये सोफॉस या सुरक्षा कंपनीने दाखवून दिले की रॉबिनहूड नावाच्या खंडणीखोर सॉफ्टवेअरचे चालक हाच ड्रायव्हर बळीच्या संगणकावर स्वतः नेऊन बसवतात, त्याच्या आधारे विषाणूरोधक बंद पाडतात आणि मग फायली कुलूपबंद करतात. ज्याच्याकडे गिगाबाईटचा मदरबोर्ड नाही तोही यातून सुटत नव्हता. त्याआधी ऑगस्ट २०१९ मध्ये एक्लिप्सियम या संस्थेच्या संशोधकांनी किमान २० उत्पादकांच्या ४० हून अधिक ड्रायव्हरमध्ये असेच दोष असल्याचे मांडले होते. १९९६ च्या भोकाचे हे उत्तराधिकारी म्हणावे लागतील. डिसेंबर २०१९ मध्ये प्लंडरव्होल्ट हा हल्ला प्रसिद्ध झाला. सॉफ्टवेअरने प्रोसेसरचा विद्युतदाब किंचित कमी करून त्याच्या गणितात चुका घडवता येतात व त्यातून गुप्त माहिती काढता येते, असे त्यात सिद्ध झाले. इंटेलच्या दुरुस्तीनंतर अनेक लॅपटॉपांवर विद्युतदाब कमी करण्याची सोयच बंद झाली. जे लोक केवळ यंत्र थंड राहावे म्हणून ती वापरीत होते त्यांनाही ती मुकावी लागली.

मायक्रोसॉफ्टने धोकादायक ड्रायव्हरांची काळी यादी तयार केली व विंडोज ११ च्या २०२२ मधील आवृत्तीपासून ती मुळातच लागू ठेवली. पंखे व दिवे नियंत्रित करणाऱ्या अनेक लोकप्रिय साधनांचा आधार असलेला विनरिंग-झिरो हा ड्रायव्हर मार्च २०२५ मध्ये विंडोजच्या संरक्षक सॉफ्टवेअरने धोकादायक ठरवून अडवण्यास सुरुवात केली. आपल्या संगणकाचा पंखा कोणत्या वेगाने फिरावा हे मालकाने ठरवू नये काय, असा आक्षेप यावर घेतला जातो, आणि तो रास्तही आहे. तथापि ज्या महाविद्यालयाच्या एकाच यंत्रावर परीक्षेचे गुण, शिष्यवृत्तीचे अर्ज व विद्यार्थ्यांचे आधार क्रमांक असतात, तेथे पंख्याच्या सोयीसाठी गाभ्याचे दार सताड उघडे ठेवावे, असे प्रस्तुत लेखकास वाटत नाही. २०१६ मध्ये आम्ही तो ड्रायव्हर सक्तीने चढवण्याचा खटाटोप केला होता. आज तो करणार नाही.

काय टिकले ?

मग थेट संपर्क साधणारे सर्वच नष्ट झाले काय ? तसे नाही. १९९८ च्या सुमारास सुरू झालेला एलएम-सेन्सर्स प्रकल्प थिंकपॅडचा धडा पचवून आजही चालू आहे. तो ज्या एलएम-७८ या नॅशनल सेमीकंडक्टरच्या चिपपासून सुरू झाला, तिचे माहितीपत्रक उघडपणे उपलब्ध होते. कोणत्या पत्त्यावर कोणता आकडा मिळतो हे कागदावर लिहिलेले असल्याने, एका प्रोग्रामरने काम सोडले तरी दुसरा ते उचलू शकला. पुढे हे ड्रायव्हर लिनक्सच्या गाभ्यातच सामील झाले व गाभ्याबरोबर त्यांची देखभाल होत राहिली.

याउलट एबिटने २००४ मध्ये यूगुरू नावाची स्वतःची चिप आणली आणि तिची माहिती गुप्त ठेवली. काही स्वयंसेवकांनी कंपनीच्या विंडोज सॉफ्टवेअरचे वर्तन निरखून, उलट दिशेने तर्क करीत त्या चिपची भाषा शोधून काढली. त्यावरून लिहिलेला ड्रायव्हर २००६ मध्ये लिनक्सच्या गाभ्यात आला. दोन वर्षांनी एबिट बंद पडली. कंपनीचे अधिकृत सॉफ्टवेअर तिच्याबरोबर गेले. परक्यांनी कष्टाने लिहिलेला ड्रायव्हर मात्र कंपनीच्या मागे उरला.

जिस्ट कार्डाच्या बाबतीत नेमके हेच घडलेले दिसते. कार्ड ज्या संकेतावलीत मराठी साठवी ती इस्की संकेतावली १९९१ मध्ये भारतीय मानक १३१९४ म्हणून प्रसिद्ध झाली. १९९१ च्या युनिकोडमधील देवनागरीची मांडणीही १९८८ च्या इस्कीवरून घेतलेली आहे. त्यामुळे जिस्टच्या काळातील एखादी डीबेस फाइल हाती लागली, तर कार्ड नसतानाही तिचे युनिकोडमध्ये रूपांतर करता येते. त्यानंतरच्या काळात फाँट कंपन्यांनी आपापल्या गुप्त क्रमाने अक्षरांचे तुकडे मांडले. ते दस्तऐवज वयाने लहान असूनही वाचण्यास अधिक अवघड झाले आहेत. प्रत्येक फाँटसाठी वेगळा परिवर्तक लागतो. आपल्या परिसरातील सहकारी संस्थांचे अहवाल व महाविद्यालयांची वार्षिक नियतकालिके अशा फायलींमध्ये पडून आहेत, याची चिंता इतिहासाच्या अभ्यासकाने करावयास हवी.

ग्रामीण यंत्राचे आयुष्य

साखर कारखान्याच्या परिसरात संगणक किती काळ व कशासाठी वापरला जातो, याचा अभ्यासलेला दाखला वारणानगरचा आहे. १९९८ मध्ये तेथे ‘वायर्ड व्हिलेज’ प्रकल्पातून सुमारे ७० गावांसाठी संगणक केंद्रे उभारण्यात आली. उसाची नोंद, तोडणीचे परवाने, वजनाची माहिती ही कामे तेथून होत. पुढे मायक्रोसॉफ्टच्याच बेंगळुरू येथील संशोधकांनी सात गावांत या संगणकांऐवजी मोबाइल फोन व लघुसंदेश वापरून तीच कामे करून पाहिली व त्यावरील निबंध २००७ मध्ये प्रसिद्ध केला. संगणक सांभाळण्याचा खर्च व कटकट हे त्यामागील एक कारण होते. यंत्र चालू असूनही ते टिकवणे जड व्हावे, ही स्थिती आपल्याही परिचयाची आहे. याच शहादा तालुक्यातील टेंभली या गावी २९ सप्टेंबर २०१० रोजी देशातील पहिले आधार क्रमांक वितरित झाले. बोटांचे ठसे व बुबुळांची प्रतिमा टिपणारे प्रत्येक उपकरणही ड्रायव्हरखेरीज चालत नाही. तेव्हा सुसंगततेचा प्रश्न हौशी वेगवर्धकांपुरता मर्यादित राहिलेला नाही, याकडे लक्ष वेधणे आवश्यक वाटते.

विंडोज १० चा सर्वसाधारण आधार १४ ऑक्टोबर २०२५ रोजी संपला. विंडोज ११ साठी टीपीएम २.० व इंटेलच्या साधारणतः आठव्या पिढीपासूनचे प्रोसेसर अपेक्षित असल्याने प्रयोगशाळेतील बरीच यंत्रे तिच्या कक्षेबाहेर राहतात. त्यांपैकी काहींवर लिनक्स घालण्याचे काम आम्ही हाती घेतले. २०१६ मध्ये बंद पडणाऱ्या यंत्रांपैकी एक अद्याप शिल्लक होते. त्यावर एलएम-सेन्सर्स चालवले असता प्रोसेसरचे तापमान व पंख्याचे फेरे पहिल्याच प्रयत्नात दिसले. मदरबोर्डवरील चिप सुदैवाने माहितीपत्रक प्रसिद्ध झालेल्यांपैकी निघाली.

तिचा क्रमांक मात्र कॅबिनेट उघडून, विजेरीच्या उजेडात वाचावा लागला. डेडस्टॉक रजिस्टरमध्ये त्या संगणकाची खरेदीची तारीख, किंमत, पुरवठादार व निर्लेखनासाठी रिकामा ठेवलेला रकाना आहे. मदरबोर्डच्या नावाचा व आवृत्तीचा रकाना त्यात नाही, चिपचा तर नाहीच. नॅकच्या पाहणीसाठी आम्ही प्रत्येक यंत्रावर अनुक्रमांक रंगवले होते, तेव्हाही हे सुचले नाही. आता त्या रजिस्टरच्या शेवटच्या कोऱ्या पानांवर, यंत्रनिहाय, मदरबोर्डचे नाव, आवृत्ती, तापमान मोजणाऱ्या चिपचा क्रमांक आणि सोबत आलेल्या सीडीचा मजकूर कोठे साठवला आहे, एवढ्या नोंदी पेनाने करण्यास सुरुवात केली आहे. चोवीस यंत्रांपैकी नऊ झाली आहेत.